आचऱ्याचे नाव पडद्यावर नेणारे आचरेकर

आपल्या शाळेत चित्रकलेचा तास म्हणजे गणिताच्या सरांनी मागून घ्यायचा तास! एलिमेंटरी, इंटरमिजिएटच्या परीक्षा जवळ आल्या की तेवढ्यापुरती रंगपेटी बाहेर निघे. चित्रे काढून पोट भरते का, हा प्रश्न तेव्हा घरोघर विचारला जाई. या स्मरणिकेच्या निमित्ताने, मालवणच्या उत्तरेकडील आचऱ्याचे नाव आडनावात वागवणाऱ्या एका मोठ्या चित्रकाराची आठवण करून द्यावीशी वाटते.

एम. आर. आचरेकर यांचा जन्म १९०७ सालचा. मुंबईत चित्रकलेचे शिक्षण घेऊन ते व्यक्तिचित्रणात निष्णात झाले. राजे पंचम जॉर्ज यांच्या कारकिर्दीच्या रौप्यमहोत्सवी सोहळ्याचे चित्रण करण्यासाठी १९३५ साली ते लंडनला गेले. एवढा मान मिळालेल्या चित्रकाराने दिवाणखान्यांसाठी तैलचित्रे करत सुखाने आयुष्य काढले असते, तरी कोणी नाव ठेवले नसते. पण त्यांनी सिनेमाच्या कलादिग्दर्शनाचे काम हाती घेतले.

हे काम विलक्षण. कागदावरचे रेखाचित्र सुतार, रंगारी आणि प्लॅस्टरचे कारागीर यांच्या हातून खरे घर, खरी गल्ली वाटेल असे उभे करायचे आणि चित्रीकरण संपले की ते मोडलेले पाहायचे. आचऱ्याच्या गावपळणीत माणसे तीन दिवस तीन रात्री वेशीबाहेर काढतात आणि पुन्हा आपापल्या घरी येतात. सेटवरच्या गावाला तसे परतणे नसते.

राज कपूर यांच्या १९५१ सालच्या ‘आवारा’तले स्वप्नदृश्य आपल्यापैकी अनेकांनी टुरिंग टॉकीजच्या तंबूत किंवा पुढे टीव्हीवर पाहिले असेल. ढगांमधून वर चढत जाणारा जिना, प्रचंड देवमूर्ती, खाली ज्वाळांचा नरक. पडद्यावर जेमतेम नऊ मिनिटे चालणाऱ्या या दृश्याच्या चित्रीकरणाला तीन महिने लागले. नायकाच्या मनातली ओढाताण त्या दगडी वाटणाऱ्या मूर्ती आणि धूर यांतूनच कळते. ‘श्री ४२०’मध्ये (१९५५) त्यांनी मुंबईतली गरिबांची वस्ती आणि श्रीमंतांचे महाल समोरासमोर उभे केले. छत्रीखालच्या गाण्यातला तो भिजलेला रस्ताही स्टुडिओतला. आपल्यासारख्या पावसात वाढलेल्यांनाही तो खराच वाटला!

१९५७ साली भारत आणि सोव्हिएत संघ यांनी मिळून ‘परदेसी’ काढला. पंधराव्या शतकात कोकण किनाऱ्यावर चौलला उतरलेल्या अफनासी निकितिन या रशियन व्यापाऱ्याची ही कथा. चारशे-पाचशे वर्षांपूर्वीचा हिंदुस्थान उभा करण्याचे काम आचरेकरांकडे होते. त्यासाठी त्यांना फिल्मफेअर पारितोषिक मिळाले.

गुरुदत्त यांचा ‘कागज के फूल’ (१९५९) हा भारतातला पहिला सिनेमास्कोप चित्रपट. पडदा रुंद झाला, म्हणजे सेटचे कोपरेही लपवता येईनात. त्यातून कथा सिनेमासृष्टीतलीच, त्यामुळे स्टुडिओच सेट झाला. रिकाम्या स्टुडिओत वरून उतरणारा प्रकाशाचा झोत ही छायालेखक व्ही. के. मूर्ती यांची करामत. पण तो झोत ज्या उदास पोकळीत पडतो, ती पोकळी सांभाळणे कलादिग्दर्शकाचे काम. चित्रपट तेव्हा साफ पडला. तरीही मूर्ती आणि आचरेकर या दोघांनाही फिल्मफेअर मिळाले. ‘जिस देश में गंगा बहती है’साठी आचरेकरांनी ते आणखी एकदा मिळवले.

एवढ्या व्यापातही त्यांनी शिकवणे सोडले नाही. ‘रूपदर्शिनी’ या पुस्तकात त्यांनी जिवंत मॉडेलवरून केलेली रेखाटने आणि प्राचीन भारतीय शिल्पे शेजारी शेजारी मांडली. आपल्या शिल्पकारांनी मानवी देह कसा पाहिला, हे त्यातून विद्यार्थ्याला डोळ्यांनी समजते. सरकारने पद्मश्री देऊन त्यांचा गौरव केला. १९७९ साली त्यांचे निधन झाले.

चेंबूरच्या आर. के. स्टुडिओला २०१७ साली आग लागली आणि पुढे ती जागाही विकली गेली. पण तो ढगांतला जिना आजही आहे. आपली नातवंडे मोबाईलवर ‘आवारा’ पाहतील, तेव्हा सुरुवातीच्या नामावलीत आचरेकर हे नाव त्यांना बोट ठेवून दाखवा. आणि एखादे नातवंड रंगपेटी घेऊन बसले असेल, तर त्याला गणितासाठी उठवू नका.