कै. बिमल रॉय

ज्ञातीच्या स्मरणिकेत ज्ञातीबाहेरील पुरुषाचे चरित्र कशासाठी, असे काही बांधव विचारतील. आपल्यापैकी कित्येकांचा संसार जेथे उभा राहिला, त्या अंधेरीतील मोहन स्टुडिओत बिमलबाबूंच्या चित्रसंस्थेचे बिऱ्हाड होते. एवढे कारण आम्हांस पुरेसे वाटते. आज तो स्टुडिओही राहिलेला नाही.

त्यांचा जन्म १२ जुलै १९०९ रोजी ढाक्याजवळील सुआपूर येथे जमीनदार घराण्यात झाला. वडील वारले आणि इस्टेटीच्या कारभाऱ्याने कुटुंबास देशोधडीस लावले. कलकत्त्यास न्यू थिएटर्समध्ये ते छायालेखक झाले. सैगल यांचा हिंदी ‘देवदास’ त्यांच्याच कॅमेऱ्याने टिपलेला. १९४४ च्या ‘उदयेर पथे’ने दिग्दर्शक म्हणून नाव झाले. फाळणीनंतर बंगालचा चित्रव्यवसाय खालावला, तेव्हा हृषीकेश मुखर्जी, नवेंदु घोष आदी सहकाऱ्यांसह ते मुंबईस आले व मालाडच्या बॉम्बे टॉकीजसाठी त्यांनी ‘माँ’ (१९५२) काढला.

त्याच वर्षी मुंबईच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात त्यांनी डी सिकांचा सायकलचोरीवरील इटालियन चित्रपट पाहिला. ‘दो बिघा जमीन’ (१९५३) त्यातून स्फुरला. १९५४ साली कान येथे त्याचा गौरव झाला. अखेरीस शंभू आपल्याच जमिनीची मूठभर माती उचलतो आणि पहारेकरी ती टाकावयास लावतो. जमीन गमावलेल्या घरातील मुलानेच हे दृश्य रचावे, यात नवल नाही.

परंतु आम्हांस त्याहून थोर वाटतो तो ‘बंदिनी’ (१९६३). नूतनची कल्याणी विषप्रयोगाकडे वळते, तो प्रसंग वाचकांनी पुन्हा पाहावा. बाहेर कोणी लोखंडावर घाव घालीत आहे. जोडकामाचा लखलखाट तिच्या मुखावर उजळतो, मावळतो. तिच्या तोंडी आक्रोश नाही, गीत नाही. डोळ्यांस केवळ चेहरा दिसतो, कानांस केवळ घाव ऐकू येतो. दोहोंचा सांधा प्रेक्षकाने आपल्या मनात जुळवावयाचा. संवाद घातला असता, तर खून करणारी बाई दिसली असती. येथे अपमानाने पिचलेले मन दिसते आणि आपण तिचा निवाडा करण्यास कचरतो. शेवटी घाटावर एकीकडे आगगाडी, दुसरीकडे आजारी विकासची आगबोट. कल्याणीची ओढ सांगण्याचे काम सचिनदेव बर्मन यांच्या स्वराकडे येते.

लोकांस अशा चित्रपटांची गाणीच तेवढी आठवतात, याचा आम्हांस थोडा विषाद वाटतो. ‘बंदिनी’स फिल्मफेअरची सहा पारितोषिके मिळाली. त्यांत छायालेखनाचे कमल बोस यांस आणि ध्वनिमुद्रणाचे डी. बिलिमोरिया यांस मिळाले, हे किती जणांस ठाऊक असेल?

८ जानेवारी १९६६ रोजी, वयाच्या ५६ व्या वर्षी, कर्करोगाने बिमलबाबूंचा अंत झाला. ‘अमृतकुंभ की खोज’साठी कुंभमेळ्याचे चित्रण झाले होते, तो चित्रपट मात्र त्यांच्या हातून पुरा व्हावयाचा राहिला.