पडद्यामागचे शरच्चंद्र

शरदबाबू मी प्रथम वाचले ते मामा वरेरकरांच्या मराठीतून. १८७६ साली हुगळी जिल्ह्यातील देवानंदपूरला जन्मलेल्या या बंगाली मुलाला फीअभावी भागलपूरचे कॉलेज सोडावे लागले. पुढे त्यांनी रंगूनला कारकुनी केली. १९१२ च्या आगीत ‘चरित्रहीन’चे हस्तलिखित जळाले; ते त्यांनी पुन्हा लिहून काढले. १९२७ मध्ये शिशिरकुमार भादुरींनी ‘देना पाओना’ कादंबरीवरचे ‘षोडशी’ नाटक रंगभूमीवर आणले. १९३५ मध्ये बारुआंचा ‘देवदास’ बोलपट आला. १९३६ मध्ये ढाका विद्यापीठाने डी. लिट. दिली, १९३८ मध्ये शरदबाबू गेले.

पडद्यावरचा देवदास सर्वांना ठाऊक आहे. मला मात्र घराण्याच्या उच्चनीचतेपायी नाकारली गेलेली पार्वती अधिक अस्वस्थ करते. मित्रहो, चित्रपट जरूर पाहा. पण ती भेटते पुस्तकात.