मल्हारराव गायकवाड : पाच वर्षांचे राज्य

सुरतेहून सोनगढचा किल्ला फार लांब नाही. पिलाजीराव गायकवाडांनी तिथे ठाणे बसवले आणि पुढे बडोद्याचे मराठी राज्य उभे राहिले. त्या राज्याचे सयाजीराव महाराज आपल्या घराघरांत ठाऊक आहेत. पण त्यांच्या आधीचे मल्हारराव महाराज कोण होते, हे मुलांना सांगता यावे म्हणून आम्ही हे चार शब्द लिहीत आहोत.

मल्हारराव हे खंडेराव महाराजांचे धाकटे भाऊ. भावाच्या जिवावर उठल्याच्या आरोपावरून ते १८६३ पासून पाद्र्याला कैदेत होते. नोव्हेंबर १८७० मध्ये खंडेराव वारले आणि कैदेतला भाऊ गादीवर आला. त्या वेळी महाराणी जमनाबाई गरोदर होत्या. मुलगा झाला असता तर गादी गेली असती. जुलै १८७१ मध्ये मुलगी झाली आणि मल्हाररावांचे आसन स्थिर झाले.

पण मनातली अढी गेली नाही. भावाच्या मर्जीतल्या लोकांवर संकट आले. दिवाण भाऊ शिंदे कैदेतच वारले. एकीकडे सोन्याच्या तोफा ओतल्या गेल्या, तर दुसरीकडे रयत, सरदार आणि सावकार तक्रारी घेऊन रेसिडेंटकडे जाऊ लागले. १८७३ मध्ये इंग्रज सरकारने चौकशी समिती नेमली. कारभार सुधारण्यासाठी दादाभाई नवरोजी दिवाण म्हणून आले, पण रेसिडेंट कर्नल फेअर आणि महाराज यांचे वैर काही मिटले नाही.

नोव्हेंबर १८७४ मध्ये फेअरच्या सरबतात विष सापडले. आळ महाराजांवर आला आणि जानेवारी १८७५ मध्ये त्यांना अटक झाली. सहा जणांच्या आयोगापुढे चौकशी झाली. महाराजांच्या बाजूने विलायतेहून बॅरिस्टर बॅलंटाइन आले. तिन्ही इंग्रज सदस्यांनी महाराजांना दोषी ठरवले. ग्वाल्हेरचे शिंदे, जयपूरचे महाराज आणि सर दिनकरराव यांना मात्र गुन्हा सिद्ध झालेला वाटला नाही. मते समसमान पडली. तेव्हा सरकारने गैरकारभाराचे कारण पुढे केले आणि एप्रिलमध्ये त्यांना पदच्युत करून मद्रासला पाठवले. तिथेच १८८२ मध्ये त्यांचा अंत झाला.

त्यानंतर जमनाबाईंनी मालेगावजवळच्या कवळाणे गावातील बारा वर्षांच्या गोपाळला दत्तक घेतले. तेच आपले सयाजीराव. खानदेशातून इकडे आलेल्या आपल्या कुटुंबांना हे गाव परके नाही.

मल्हाररावांचा कारभार चांगला होता, असे आम्ही म्हणणार नाही. पण वाईट कारभार ही एक गोष्ट आणि विषप्रयोग ही दुसरी. एकाचा पुरावा दुसऱ्याला लावता येत नाही. सरकारी नोकरीत रोज अर्ज हाताळणाऱ्या आम्हाला या कथेतून आणखी एक गोष्ट जाणवते. रयतेची तक्रार घरातच ऐकली गेली असती, तर ती परक्याच्या दारी गेली नसती. राज्य असो, कचेरी असो वा आपले मंडळ, हे सर्वांनाच लागू आहे.

श्रीगजानन सर्वांना सुबुद्धी देवो.