अकरा फुटव्यांमागची सावधगिरी

सुक्यामेव्याच्या दुकानात मिळणारा मोठा, मऊ, मधासारखा गोड ‘मेडजूल’ खजूर मूळचा मोरोक्कोचा. अमेरिकेतील मेडजूलच्या बहुतेक बागा मात्र अवघ्या नऊ रोपांपासून वाढल्या आहेत. ही रोपे अमेरिकेत आणणारे वनस्पतिशास्त्रज्ञ म्हणजे वॉल्टर टेनिसन स्विंगल.

स्विंगल यांचा जन्म १८७१ मध्ये पेनसिल्व्हेनियात झाला आणि बालपण कॅन्ससमध्ये गेले. वयाच्या विशीत, १८९१ मध्ये, ते अमेरिकेच्या कृषी खात्यात रुजू झाले. उष्ण, कोरड्या प्रदेशात कोणती फळझाडे तग धरतील, याचा शोध त्यांनी भूमध्य समुद्राकाठच्या देशांत घेतला.

पहिला प्रश्न अंजिराचा होता. स्मर्ना जातीची झाडे कॅलिफोर्नियात जोमाने वाढत, पण फळे पिकण्याआधीच गळून पडत. उंबर फोडल्यावर आत चिलटांसारखे कीटक दिसतात. तशाच एका कीटकाने रानअंजिरातले पराग आणल्याशिवाय स्मर्ना अंजीर धरत नाही. स्विंगल यांनी अल्जीरियातून कीटकांसह रानअंजिराची फळे पाठवली आणि १८९९ मध्ये तो कीटक कॅलिफोर्नियात स्थिरावला.

खजुराची अडचण वेगळी होती. या झाडाला मुळाशी भरपूर पाणी लागते, पण फळ पिकताना हवा कडक उन्हाची आणि कोरडी हवी. पावसाने फळ फुटते आणि सडते. कॅलिफोर्निया व ॲरिझोनाच्या वाळवंटात, पाटपाण्याची सोय असेल तिथे, हे जुळून येत होते. मात्र बी पेरून भागत नाही. बियांपासून जवळपास निम्मी झाडे नर निघतात, आणि मादी झाडांची फळेही मूळ झाडासारखी असतील याची खात्री नसते. म्हणून बुंध्यापाशी येणारे फुटवेच लावावे लागतात. १९०० मध्ये स्विंगल यांनी अल्जीरियातून असे फुटवे अमेरिकेला धाडले.

पण फुटव्यांबरोबर रोगही प्रवास करतो. मोरोक्कोत ‘बायूद’ या बुरशीजन्य रोगाने खजुराच्या बागा उजाड होत होत्या. ही बुरशी मातीतून मुळांत शिरते आणि झाड वाळवते. या रोगाच्या पाहणीसाठी १९२७ मध्ये स्विंगल तिथे गेले. एका निरोगी मेडजूल झाडाचे अकरा फुटवे त्यांनी मिळवले. उत्तम जात हाती आली होती, पण त्यातला एक जरी फुटवा रोगी निघाला असता, तरी अमेरिकेतील उभ्या बागांवर संकट आले असते.

म्हणून निर्जंतुकीकरणानंतरही ते थेट कॅलिफोर्नियात लावले नाहीत. नेव्हाडाच्या दक्षिण टोकाला, आसपास खजुराची लागवड नसलेल्या ठिकाणी त्यांना विलगीकरणात वाढवले. दोन मेले, नऊ जगले. रोगाचे चिन्ह न दिसल्यावर १९३६ मध्ये ती झाडे आणि त्यांचे नवे फुटवे कॅलिफोर्नियातील इंडिओ येथील संशोधन केंद्रात हलवण्यात आले. शेतकऱ्यांच्या हाती मेडजूल पडला तो त्यानंतर, १९४० च्या दशकात.

१९५२ मध्ये, वयाच्या ८१व्या वर्षी स्विंगल यांचे निधन झाले. बायूद झालेले झाड बरे करणारा उपाय आजही नाही. त्यातच फुटव्यातून वाढलेले प्रत्येक झाड मूळ झाडाची नक्कल असल्याने, एकाला घातक ठरणारा रोग साऱ्या बागेला घातक ठरू शकतो. त्यामुळे नवी रोपे बागेत नेण्यापूर्वी वेगळी ठेवून तपासणे, हाच खजूर उत्पादकांसाठी अजूनही सर्वात खात्रीचा बचाव आहे.