लग्नाचा चौक आणि गोदूताई

गंगापूर रोडवर खरेदीला गेलं की एक गोष्ट हटकून नजरेला पडते. कुर्ता बघा, ओढणी बघा, उशीचे अभ्रे नाहीतर चहाचे कप बघा, कुठे ना कुठे ती काडीसारखी पांढरी माणसं फेर धरून नाचत असतात. वारली प्रिंट! आपण कौतुकाने घेतो, थोडी घासाघीस करतो आणि पिशवीत टाकतो.

हाच रस्ता पुढे धरणावरून गिरणाऱ्याला, तिथून हरसूलकडे जातो. घाट उतरलं की जव्हार, मोखाडा, डहाणू, तलासरी. हा सगळा वारल्यांचा मुलूख. तिथे हे चित्र काही शोभेसाठी काढलेलं नसतं. घरात लग्न निघालं की सवाशिणी शेणामातीने सारवलेल्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने चौक लिहितात. मधोमध पालघाट देवी. चौक लिहिल्याशिवाय लग्न नाही. आणि मैत्रिणींनो, लग्न लावते तीही बाईच, तिला धवलेरी म्हणतात. ती गाणी म्हणत विधी पार पाडते. आपल्याकडे बाई पुरोहित झाली की अजून पेपरात फोटो येतो!

पण एके काळी याच लग्नापायी वारली माणूस गुलाम व्हायचा. लग्नाला पैसे लागायचे, ते जमीनदार-सावकाराकडून उसने आणायचे आणि त्याच्या फेडीसाठी त्याच्या घरी राबायचं. अशा माणसाला लग्नगडी म्हणत. हिशेब सावकाराच्या वहीत, वाचता येणारं कुणी नाही, त्यामुळे कर्ज कधी फिटायचंच नाही. नवऱ्याबरोबर बायकोही राबायची. तिच्या अंगावरही मालक आपला हक्क समजायचा. अंगावरची हळद उतरायच्या आत हे सुरू. शिवाय वेठ होतीच. पाऊस पडला की आधी मालकाचं शेत, तेही फुकट, मग उरलेल्या दिवसांत आपलं.

हे ज्यांनी मोडून काढायला घेतलं त्या गोदावरी परुळेकर, म्हणजेच गोदूताई. माहेरच्या गोखले. जन्म पुण्याचा, १४ ऑगस्ट १९०७ चा. वडील नामांकित वकील. मुलगीही वकिलीची परीक्षा पास झाली, महाराष्ट्रातली कायद्याची पहिली महिला पदवीधर. चांगली वकिली करून, बंगला बांधून सुखात राहता आलं असतं. पण १९३२ मध्ये त्या सत्याग्रहात तुरुंगात गेल्या. वडिलांना ते रुचलं नाही, तेव्हा घर सोडून मुंबईला आल्या. सर्व्हंट्स ऑफ इंडिया सोसायटीने त्यांना आजीव सदस्य करून घेतलं, त्या संस्थेतल्या त्या पहिल्या बाई. तिथे त्यांनी साक्षरतेचं काम केलं, घरकामगारांची संघटना बांधली. १९३९ मध्ये शामराव परुळेकरांशी लग्न झालं आणि दोघंही कम्युनिस्ट पक्षात गेले. त्यांचा पक्ष आपल्याला पटो न पटो, पुढे त्यांनी जे केलं ते पक्षाच्या पलीकडचं आहे असं मला वाटतं.

जानेवारी १९४५ मध्ये टिटवाळ्याला किसान सभेचं अधिवेशन भरलं. तिथे डहाणू-उंबरगाव भागातले थोडेसे वारली आले होते. त्यांनी आपली कहाणी सांगितली आणि गोदूताई त्यांच्या गावाकडे निघाल्या. जंगलातून पायी, पाड्यापाड्यावर, त्यांच्याच झोपडीत मुक्काम, ते खातील ते खायचं. वारली सुरुवातीला बिचकत. शहरी, शिकलेलं माणूस म्हणजे सरकारचं नाहीतर सावकाराचं, हा त्यांचा अनुभव. जवळ बसून, त्यांची बोली कानावर घेत, हळूहळू माणसं बोलती करावी लागली. पुण्याच्या बंगल्यातून आलेल्या बाईला हे सोपं गेलं नसणार.

२३ मे १९४५ ला तलासरीजवळच्या झरी गावी परिषद झाली. सुमारे पाच हजार वारली जमले. वेठ करायची नाही, फुकट राबायचं नाही, लग्नगडी राहायचं नाही, असं तिथे ठरलं. नुसतं ठरलं नाही! वारली गटागटाने जमीनदारांच्या घरी गेले आणि लग्नगड्यांना मोकळं करून घेऊन आले. कोर्ट नाही, कागद नाही. पिढ्यान् पिढ्यांची गोष्ट काही आठवड्यांत संपली. वकील बाईंनी हे कुठल्या कायद्याच्या पुस्तकात वाचलं नव्हतं.

मग गवतकापणीच्या मजुरीसाठी संप झाला आणि त्याची किंमत मोजावी लागली. १० ऑक्टोबर १९४५ ला तलवाड्याजवळ हजारो वारली जमले होते. गोदूताईंच्या जिवाला धोका आहे अशी आवई उठवून त्यांना मुद्दाम बोलावलं गेलं, असं सांगितलं जातं. पोलिसांनी गोळीबार केला. जेठ्या गांगड आणि आणखी चौघं गेले. पुढे परुळेकर दांपत्याला ठाणे जिल्ह्यात यायलाच बंदी झाली. वारल्यांचा लढा १९४७ पर्यंत चालूच राहिला.

नंतरचं आयुष्य तुरुंग, भूमिगत दिवस आणि मोर्चे यांतच गेलं. १९६५ साली शामराव तुरुंगातच वारले. गोदूताईंनी वारल्यांमधल्या दिवसांवर ‘जेव्हा माणूस जागा होतो’ हे पुस्तक लिहिलं. ते १९७० मध्ये आलं, १९७२ मध्ये त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. वाचनालयात मिळालं तर जरूर वाचा. १९८६ मध्ये त्या अखिल भारतीय किसान सभेच्या अध्यक्ष झाल्या आणि ८ ऑक्टोबर १९९६ ला गेल्या. तलासरीच्या कॉलेजला त्यांचं नाव आहे. सोलापूरजवळ कुंभारीला विडी कामगार बायकांची दहा हजार घरं उभी राहिली, तीही त्यांच्याच नावाने. २००६ मध्ये त्या बायकांना किल्ल्या मिळाल्या.

आणि आपलं नाशिक? ६ मार्च २०१८ ला इथूनच किसान सभेचा मोर्चा मुंबईला पायी निघाला. सुरगाणा, पेठ, दिंडोरीकडच्या आदिवासी बायका त्यात होत्या, कसतो ती वनजमीन नावावर करा म्हणत. चपला तुटल्या, तळपायाची सालं निघाली. मुंबईत पोचल्यावर दुसऱ्या दिवशी दहावीचा पेपर होता. मुलांची गैरसोय नको म्हणून ही माणसं विश्रांती न घेता रात्रीच चालत आझाद मैदानावर जाऊन बसली.