माथेरानचे आसफ अली फैजी : कायदा समजून घ्या म्हणणारा अभ्यासक

वाशिंदहून कल्याणला गाडी बदलून नेरळला उतरलं की वर माथेरान. याच माथेरानात १० एप्रिल १८९९ रोजी आसफ अली असगर फैजी यांचा जन्म झाला. मुस्लिम कायद्याचा एवढा मोठा अभ्यासक आपल्या इतक्या जवळचा, पण आपल्या घरांत त्यांचं नाव फारसं निघत नाही.

फैजी सुलेमानी बोहरा घराण्यातले. मुंबईचं सेंट झेवियर्स कॉलेज, पुढे केंब्रिज, मग बॅरिस्टर होऊन मुंबई हायकोर्टात वकिली. १९३८ ते १९४७ ते मुंबईच्या गव्हर्नमेंट लॉ कॉलेजचे प्राचार्य होते. पुढे इजिप्तमध्ये भारताचे राजदूत, नंतर जम्मू-काश्मीर विद्यापीठाचे कुलगुरू झाले. १९६२ साली पद्मभूषण मिळालं. आपल्याकडची इस्माइली हस्तलिखितं त्यांनी मुंबई विद्यापीठाला देऊन टाकली.

१९४९ मध्ये मुस्लिम कायद्यावरचं त्यांचं इंग्रजी पुस्तक आलं. आपल्या कोर्टांत चालणारा कायदा जसाच्या तसा फिकहच्या किताबांतून आलेला नाही, त्यात इंग्रज न्यायाधीशांचे निवाडेही मिसळलेत, हे त्यातून समजतं. वक्फचंच बघा. १८९४ मध्ये लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने मुख्यतः मुलाबाळांसाठी केलेला वक्फ अवैध ठरवला. हनफी फिकहला तो मंजूर होता. शेवटी १९१३ मध्ये कायदा करून तो पुन्हा मान्य करावा लागला.

निकाहबद्दलही तसंच. निकाह ही इबादत आहे, पण कायद्याच्या नजरेत तो करारही आहे. म्हणून वाजवी अटी लिहून घेता येतात. ठरावीक परिस्थितीत तलाकचा हक्क नवऱ्याने बायकोला सोपवणं, म्हणजे तलाक-ए-तफवीज, यालाही हनफी फिकहमध्ये जागा आहे. आपल्याकडे मात्र मंडप, जेवण, दागिने यांवर आठवडाभर बोलणी चालतात. मेहेर पाच मिनिटांत उरकते आणि अटींचा विषयच निघत नाही. घर मोडायला आलं की मग लेकीच्या बापाला कागद आठवतो.

१९६३ च्या पुस्तकात फैजींनी दीन आणि कायदा वेगवेगळे करून पाहायला सांगितलं. अनेक उलेमांना ते मान्य नाही. आम्हालाही त्यांचं सगळंच पटतं असं नाही. पण आपला कायदा आपणच वाचावा, या त्यांच्या आग्रहाला कुणाची हरकत असावी?

२३ ऑक्टोबर १९८१ रोजी त्यांचा इंतेकाल झाला. पुढच्या निकाहाला काजीसाहेबांसमोर बसण्याआधी दोन्ही घरांनी निकाहनामा एकदा पूर्ण वाचावा, एवढीच आमची विनंती.