मायापटाचे जनक : कै. दादासाहेब फाळके

लष्करच्या फालका बाजारामुळे फाळके हे आडनाव आपल्याकडे कोणास नवे नाही. आज ज्यांची हकीकत सांगावयाची आहे ते फाळके मात्र त्र्यंबकेश्वरचे. उजेड, नाद आणि कथा हे तीन धागे एकत्र विणणारे एखादे मायावी यंत्र असावे, ही कल्पना कीर्तन-आख्यानांवर वाढलेल्या आपल्या समाजाला मुळीच परकी नव्हती. ते यंत्र आपल्या देशात, आपल्या माणसांच्या हातून चालावे म्हणून दादासाहेबांनी उभे आयुष्य वेचले. तिघांपैकी एक धागा मात्र त्यांच्या हाती फार उशिरा लागला.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० चा. वडील संस्कृतचे व्यासंगी. तेव्हा पुराणकथा घरातच होत्या. १८८६ साली इंग्रजांनी मुरारची छावणी शिंदे सरकारांस परत दिली, त्या सुमारास हा मुलगा मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत रेखाटन शिकत होता. पुढे बडोद्याच्या कलाभवनात त्याने छायाचित्रण व छपाईची कला आत्मसात केली. गोध्रा येथे छायाचित्रांचे दुकान थाटले. परंतु प्लेगने पत्नी व मूल दोन्ही हिरावून नेले. एका जर्मन जादूगाराकडून हातचलाखी शिकून, आपले आडनाव उलटे करून, ‘प्रोफेसर केळफा’ या नावाने त्यांनी जादूचे खेळही केले. पुराणवस्तू खात्याची नोकरी स्वदेशीच्या दिवसांत सोडली आणि छापखान्याच्या धंद्यात शिरले. तेथेही भागीदारांशी पटले नाही. चाळिशी आली तरी एका जागी पाय ठरत नव्हता.

१९१० च्या सुमारास मुंबईत त्यांनी ख्रिस्तचरित्राचा चित्रपट पाहिला. पडद्यावर ख्रिस्त चालत होता. फाळक्यांच्या मनश्चक्षूंपुढे राम आणि कृष्ण चालू लागले. दुसऱ्या दिवशी पत्नी सरस्वतीबाईंना घेऊन ते पुन्हा तोच खेळ पाहावयास गेले. वास्तविक दिव्याच्या उजेडात चित्रकथा दाखविण्याचा उद्योग आपल्याकडे अगदी नवा नव्हता. कल्याणच्या महादेवराव पटवर्धनांनी १८९२ च्या सुमारासच काचेवर रंगविलेल्या चित्रांची ‘शांबरिक खरोलिका’ लोकांपुढे आणली होती. परंतु चित्राने स्वतः चालावे, ही फाळक्यांची ओढ होती.

या वेडापायी रात्रंदिवस जागून त्यांची दृष्टी काही काळ गेली. उपचारांनी ती परत आली. मग विम्याची पॉलिसी गहाण टाकून १९१२ च्या फेब्रुवारीत त्यांनी लंडन गाठले, तेथील चित्रनिर्मात्यांकडून विद्या शिकून घेतली आणि कॅमेरा विकत घेऊन परतले. प्रथम कुंडीतल्या वाटाण्याची वाढ टिपली. दिवसचे दिवस ठराविक अंतराने एकेक चित्र घेतले आणि पडद्यावर रोप क्षणात उगवून आले. ते पाहून सावकाराने हात सैल केला.

‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात ३ मे १९१३ रोजी लागला. त्याचे श्रेय एकट्या दादासाहेबांना देणे मात्र न्यायाचे होणार नाही. सरस्वतीबाईंनी दागिने दिले, साऱ्या मंडळींचा स्वयंपाक रांधला, आणि रात्री अंधाऱ्या खोलीत बसून कोऱ्या फितीला भोके पाडण्याचे किचकट कामही केले. पडद्यावर येण्यास एकही स्त्री तयार होईना. अखेरीस उपाहारगृहात काम करणारे साळुंके तारामती झाले, आणि रोहिदासाचे काम फाळक्यांच्या मुलाने केले.

पुढे १९१७ चे ‘लंकादहन’ आणि कन्या मंदाकिनीने कृष्ण साकारलेले १९१९ चे ‘कालियामर्दन’ यांनी कीर्तीचा कळस गाठला. नाशकास हिंदुस्थान फिल्म कंपनी निघाली. पण भागीदारांशी पुन्हा बिनसले आणि दादासाहेब काशीस जाऊन राहिले. तेथे नाटक लिहिले, आणि काही वर्षांनी परत आले. तोवर पडदा मुकाच होता. पेटी-तबला वाजे तो पडद्याच्या खाली. चित्राच्या मुखातून शब्द येत नसे.

१९३१ साली ‘आलमआरा’ बोलला, आणि सारा बाजार एका रात्रीत फिरला. दादासाहेबांचा ‘सेतुबंधन’ मूकपट म्हणून तयार झाला होता; त्याला मागाहून आवाज जोडावा लागला. वयाच्या सदुसष्टाव्या वर्षी, १९३७ साली, कोल्हापुरात त्यांनी ‘गंगावतरण’ हा बोलपट केला. उजेड, नाद आणि कथा अखेर त्यांच्या हातून एकत्र आली. पण बोलपट म्हणून घडविलेले त्यांचे चित्र हे एकच. तेच शेवटचेही ठरले. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशकास त्यांनी देह ठेवला, तेव्हा ज्या धंद्याचा पाया त्यांनी घातला त्यास त्यांची फारशी आठवण उरली नव्हती. सरकारने त्यांच्या नावाचा पुरस्कार सुरू केला तो १९६९ साली.

ग्वाल्हेर हे गळ्याचे शहर. आवाजाची थोरवी आपणांस कोणी सांगावी लागत नाही. म्हणूनच, ज्याने आवाजावाचून अठरा वर्षे लोकांस पुराण ऐकविले, त्याचे मोल आपण तरी ओळखावे. आणि त्याच्यामागे अंधारात बसून फितीला भोके पाडणाऱ्या माउलीचेही.